पंचवीस लाखांचं होम लोन शेवटी कितीला पडतं? पहिलं घर घेणाऱ्या सोलापूरकरांसाठी

जुळे सोलापुरात, विजापूर रोडला किंवा शेळगीकडे फ्लॅट बघायला गेलात की तिसऱ्या वाक्याला बोलणं हप्त्यावर येतं. "साहेब, बावीस हजारात बसवून देतो. भाडं भरण्यापेक्षा हप्ता भरा की!" बिल्डरचा माणूस असो, बँकेचा एजंट असो, नाहीतर घरातले थोरले मेव्हणे, सगळ्यांच्या तोंडी हप्ताच. हप्त्यावरून महिना निभेल का तेवढं कळतं, घर कितीला पडलं ते कळत नाही. ते बघायचं तर मुदत, दर आणि मुद्दल किती हलतंय, एवढं तपासावं लागतं. बँकेत कुणी ते आपणहून उलगडून सांगत बसत नाही.

लेखभर एकच उदाहरण धरतो. महापालिका हद्दीतलं ३२ लाखांचं घर, २५ लाखांचं कर्ज, व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. तुमचा दर वेगळा असेल, पण हिशेबाची रीत हीच.

पायरी १: सहीच्या आधी खिशातून किती जातं ते लिहून काढा

३२ वजा २५ म्हणजे सात लाख, एवढीच जुळवाजुळव करून लोक निघतात आणि नोंदणीच्या आठवड्यात सोनं मोडायची वेळ येते. महापालिका हद्दीत स्टॅम्प ड्यूटी अधिभारासकट ६ टक्के धरा, म्हणजे १ लाख ९२ हजार. घर फक्त महिलेच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत मिळते, इथे ३२ हजार वाचतात. नोंदणी फी एक टक्का, पण ३० हजारांच्या वर जात नाही. करारातली किंमत रेडी रेकनरपेक्षा, म्हणजे सरकारनं त्या भागासाठी ठरवलेल्या दरापेक्षा, कमी असेल तर ड्यूटी रेकनरच्या किमतीवर लागते, त्यामुळे "कागदावर कमी दाखवू" म्हणणाऱ्याचं ऐकून फार काही हाती लागत नाही. उलट करारात किंमत कमी दिसली की कर्जही कमी बसतं.

घर बांधकाम चालू असलेल्या इमारतीत असेल तर जीएसटी. सोलापूर महानगरांच्या यादीत नाही, त्यामुळे ९० चौरस मीटरपर्यंतचं कार्पेट (चटई क्षेत्र, म्हणजे भिंतींच्या आतली वापरायची जागा) आणि ४५ लाखांपर्यंतची किंमत असेल तर १ टक्का, त्यावर गेलं तर ५ टक्के. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर विक्रीला निघालेल्या फ्लॅटला जीएसटी नाही. एजंट सरसकट पाच टक्के सांगत असेल तर चटई क्षेत्र मोजून घ्या.

बँकेची प्रोसेसिंग फी अर्धा टक्का धरली तर साडेबारा हजार, वर १८ टक्के जीएसटी. बँकेच्या पॅनेलवरच्या वकिलाचा सर्च रिपोर्ट (मालकीचे जुने कागद तपासल्याचा अहवाल) आणि व्हॅल्युएशनचे, म्हणजे घराची किंमत ठरवण्याचे, पैसेही आपलेच. गहाणाची सूचना म्हणजे नोटीस ऑफ इंटिमेशन ३० दिवसांत दाखल करावी लागते. तिची फी आणि गहाणावरची स्टॅम्प ड्यूटी ही कर्जाच्या अर्ध्या टक्क्याच्या आतली भानगड आहे, पण २५ लाखांवर तेही काही हजार होतात. बेरीज करा. सात लाखांचे साडेनऊ ते दहा लाख होतात, आणि अजून किचन ट्रॉली, महावितरणचं मीटर, सोसायटीची अनामत यांचं नावही काढलेलं नाही.

कर्ज ३० लाखांपर्यंत असेल तर बँकेला घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत जाता येतं. मात्र दहा लाखांहून महाग घराच्या बाबतीत स्टॅम्प ड्यूटी आणि नोंदणी त्या किमतीत धरत नाहीत, तो पैसा रोखच लागतो. तेवढ्यासाठी पर्सनल लोन काढणारे बरेच आहेत. तो दर होम लोनपेक्षा बराच चढा असतो. माझं मत विचाराल तर ही रोख जमेपर्यंत घर एक वर्ष पुढे ढकललेलं बरं.

पायरी २: मुदतीचा गुणाकार स्वतः करा

२५ लाख, ८.५ टक्के, २० वर्षं: हप्ता २१,६९६ रुपये. गुणिले २४०. एकूण भरणा ५२ लाख ७ हजारांच्या आसपास, त्यातलं व्याज २७ लाख ७ हजार. मुद्दलापेक्षा व्याज जास्त.

तेच कर्ज १५ वर्षांत फेडायचं तर हप्ता २४,६१८ आणि व्याज १९ लाख ३१ हजार. महिन्याला २,९२२ रुपये जास्त भरून पावणेआठ लाख वाचले. आता उलट्या बाजूने बघा. "हप्ता कमी बसवून देतो" म्हणत मुदत ३० वर्षं केली की हप्ता १९,२२३ वर येतो. महिन्याला सुटले साधारण अडीच हजार, आणि व्याज झालं ४४ लाख २० हजार, म्हणजे १७ लाख जास्त. एजंटने केलेली मदत ती हीच.

वीस वर्षांनंतरचे बावीस हजार आजच्या बावीस हजारांइतके जड नसतात, हेही खरं. पगार वाढतो, महागाई वाढते, हप्ता साधारण तिथेच राहतो. त्यामुळे ५२ लाखांचा आकडा बघून कर्जच नको म्हणायचं कारण नाही. पण पगार वाढतो हे गृहीत धरून लांब मुदत घ्यायची असेल तर वाढलेल्या पगारातून जादा भरायचंही आत्ताच ठरवा. त्याबद्दल पुढे.

ही गणितं हातानं करायची गरज नाही. बहुतेक बँकांच्या साईटवर कॅल्क्युलेटर असतो, एक्सेलमध्ये पीएमटी नावाचं सूत्र आहे. फक्त कॅल्क्युलेटरमधली "हप्ता" ही चौकट बघून बंद करू नका. खाली "एकूण व्याज" असतं.

पायरी ३: परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि पहिलं पान वाचा

याला बँकेत अमोर्टायझेशन शेड्यूल म्हणतात. मागितलं की प्रिंट मिळते, न मागता क्वचितच. पहिली ओळ अशी असते: हप्ता २१,६९६, त्यातलं व्याज १७,७०८, मुद्दल ३,९८८. बावीस हजारांतले चार हजार घराला लागले, बाकी व्याजात गेले. यात फसवणूक काही नाही. शिल्लक मुद्दलावर महिन्याचं व्याज आधी कापून उरलेलं मुद्दलात जातं, आणि सुरुवातीला शिल्लक मोठी म्हणून व्याजही मोठं.

आता तक्त्यावर बोट ठेवून साठाव्या ओळीला या. पाच वर्षं झाली, १३ लाख भरून झाले. शिल्लक मुद्दल २२ लाख ३ हजार. तीन लाखांना जेमतेम हात लागला. एकशेविसावी ओळ, बरोबर अर्धी मुदत: शिल्लक साडेसतरा लाख. अर्धं मुद्दल, म्हणजे साडेबारा लाख, फिटायला जवळपास चौदा वर्षं लागतात.

हा तक्ता माहीत नसेल तर दोन ठिकाणी दणका बसतो. एक, पाच-सहा वर्षांत घर विकून पुण्याला जायचा बेत असेल तेव्हा. विक्रीच्या पैशातून बँकेचे बावीस लाख आधी जातात, आणि घराचा भाव तेवढ्यात फारसा वाढला नसेल तर हातात काही उरत नाही. सोलापुरातली निम्मी तरुण पोरं हिंजवडी-खराडीला आहेत, म्हणून हे मुद्दाम सांगतो. दुसरं, बॅलन्स ट्रान्सफर, म्हणजे उरलेलं कर्ज दुसऱ्या बँकेत हलवणं. बारा वर्षं झाल्यावर पाव टक्का कमी दराच्या मोहानं दुसऱ्या बँकेत जाऊन पुन्हा वीस वर्षांची मुदत घेतली की व्याजाचा जोर असलेली वर्षं नव्यानं सुरू होतात. कर्ज हलवायचं असेल तर उरलेलीच मुदत लिहून घ्या.

बांधकाम चालू असलेल्या घराला आणखी एक कलम असतं, प्री-ईएमआय. बँक एकेक स्लॅब पडेल तसे पैसे सोडते आणि ताबा मिळेपर्यंत तुम्ही फक्त व्याज भरता. समजा १५ लाख सुटले आणि बिल्डरनं दीड वर्ष लावलं, तर १ लाख ९१ हजार गेले आणि मुद्दल एक रुपयानं हललं नाही. राहत्या घराचं भाडं चालू ते वेगळंच. शक्य असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करायला सांगा.

पायरी ४: दर कशाला बांधलाय ते विचारा

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग (बदलत्या दराची) होम लोन बाहेरच्या मापाला, बहुतेक ठिकाणी रेपोला, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना पैसे देते त्या दराला, बांधावी लागतात आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. रेपो अधिक स्प्रेड, म्हणजे बँकेनं त्यावर घातलेली भर, हा तुमचा दर. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हे बंधन नाही. त्यांचा स्वतःचा दर असतो, तो वर जाताना चपळ आणि खाली येताना आळशी, असा बहुतेकांचा अनुभव.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ झाला. त्या काळात कित्येकांना एवढाच मेसेज आला की दर वाढला आहे, हप्ता तोच राहील. हप्ता तोच म्हणून लोक निवांत राहिले आणि वाढली ती मुदत. आपल्या उदाहरणात सुरुवातीलाच दर ८.५ चा ९.५ झाला आणि हप्ता २१,६९६ च ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. पावणेसहा वर्षं जास्त. चाळिशीत कर्ज काढलेल्या माणसाला निवृत्तीनंतर हप्ते भरत बसावं लागेल.

रिझर्व्ह बँकेनं १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात यावर नियम घातला. दर बदलला की हप्ता आणि मुदत यांवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवायचं, हप्ता वाढवायचा की मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे त्याला निवडू द्यायचं, आणि दर तीन महिन्यांच्या विवरणात किती मुद्दल आणि किती व्याज भरलं, किती हप्ते उरले ते दाखवायचं. निवड कळवायचं काम मात्र आपलं. शाखेत जाऊन लेखी द्या: दर वाढला तर हप्ता वाढवा, मुदत नको. अर्जाच्या प्रतीवर शिक्का घ्या.

स्प्रेडकडेही लक्ष ठेवा. नवीन ग्राहक ओढायला बँका कमी स्प्रेडची जाहिरात करतात, जुना ग्राहक जुन्याच स्प्रेडवर राहतो. वर्षा-दोन वर्षांतून एकदा बँकेच्या साईटवरचा नव्या ग्राहकाचा दर बघायचा, आपल्यापेक्षा कमी असेल तर दर बदलून मागायचा. थोडी फी लागते. ८.५ आणि ९ मधला अर्धा टक्का महिन्याला फक्त आठशे रुपये दिसतो, वीस वर्षांत १ लाख ९१ हजार होतो.

सॅलरी स्लिप नाही, यंत्रमाग आहे किंवा टॉवेल-चादरीचा धंदा आहे, उलाढाल रोखीत आणि रिटर्न जेमतेम भरलेले: पूर्व भागातल्या कितीतरी घरांची ही गत. अशांना बँक नाही म्हणते आणि फायनान्स कंपनी साडेदहा टक्क्यांनी देते. त्या दरानं आपल्याच कर्जाचा हप्ता २४,९६० होतो आणि वीस वर्षांत ७ लाख ८३ हजार जास्त जातात. रिटर्न दोन-तीन वर्षं नीट भरले तर लागणारा कर आणि सीएची फी यापेक्षा बरीच कमी असेल. सगळ्यांनाच हे पटत नाही.

गुंठेवारीच्या, म्हणजे शेतजमिनीचे गुंठ्या-गुंठ्यानं तुकडे पाडून विकलेल्या, जागेचंही तसंच. लेआउट मंजूर नाही, एनए (बिगरशेती परवानगी) नाही, कागद नोटरीवर. अशा जागेला बहुतेक बँका हात लावत नाहीत, मग माणूस पतसंस्थेकडे जातो. दहा लाख दहा वर्षांसाठी ८.५ ऐवजी समजा १३ टक्क्यांनी घेतले तर तीन लाखांचा फरक पडतो. शिवाय पतसंस्था सहकार खात्याच्या कक्षेत येतात, रिझर्व्ह बँकेच्या नाहीत, त्यामुळे वर सांगितलेले नियम तिथे लागू नाहीत. स्वस्त गुंठा महाग कर्जात वसूल होतो.

पायरी ५: कर्जाला चिकटवलेला विमा वेगळा काढा

सह्यांच्या गठ्ठ्यात एक विम्याचा फॉर्म असतो. "कंपल्सरी आहे" असं तोंडी सांगतात. अमुक एका कंपनीचाच जीवन विमा घ्या अशी सक्ती बँकेला करता येत नाही. या विम्याचा एकरकमी प्रीमियम, समजा ७५ हजार, कर्जातच मिसळतात. त्यावरही ८.५ टक्के व्याज, त्यामुळे वीस वर्षांत तो १ लाख ५६ हजारांना पडतो.

विमा नको असं मी म्हणत नाही. कमावता माणूस गेला तर हप्ता कोण भरणार, हा प्रश्न खराच आहे. तेवढ्याच रकमेचा साधा टर्म इन्शुरन्स, म्हणजे मुदतीत माणूस गेला तरच पैसे देणारा विमा, वेगळा घ्या. कर्ज दुसऱ्या बँकेत हलवलं तरी तो तुमच्याबरोबर येतो, आणि पैसे घरच्यांच्या हातात पडतात.

हे सगळं एका कागदावर बघायची सोय आता आहे. ऑक्टोबर २०२४ पासून बँकेला सहीच्या आधी की फॅक्ट स्टेटमेंट द्यावं लागतं, तेही कर्जदाराला कळेल अशा भाषेत. मराठीत मागा. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो, म्हणजे व्याज, फी आणि बँकेमार्फत कापला जाणारा विमा वगैरे धरून वर्षाचा खरा दर. दोन बँकांची तुलना करायची ती या आकड्यावर, फलकावरच्या दरावर नाही. त्या कागदात न लिहिलेलं शुल्क तुमच्या संमतीशिवाय नंतर लावता येत नाही.

पायरी ६: जादा भरायचं तर पहिल्या सात-आठ वर्षांत

फ्लोटिंग दराच्या वैयक्तिक होम लोनवर मुदतीआधी फेडल्याचा दंड नाही. हे न कळल्यामुळे लोक बोनस, भिशीचा नंबर, गावाकडच्या उसाचं बिल एफडीत ठेवतात आणि इकडे जास्त दरानं व्याज भरत राहतात.

दोन वर्षं पूर्ण झाल्यावर एक लाख जादा भरलात तर मुदतीतून जवळपास वीस हप्ते कमी होतात आणि सुमारे ३ लाख २९ हजार व्याज वाचतं. तेच एक लाख बाराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर वाचतात साधारण ९२ हजार. दरवर्षी एक हप्ता जास्त, एवढीच शिस्त पाळली तरी कर्ज सोळा वर्षं आठ महिन्यांत फिटतं आणि पाच लाखांच्या वर वाचतात.

भरताना काउंटरवर विचारतील, हप्ता कमी करू की मुदत? मुदत. घरात आजारपण किंवा नोकरीची धास्ती असेल तर हप्ता कमी करणं समजू शकतो, एरवी नाही. आणि सहा महिन्यांच्या हप्त्यांइतकी रोख बाजूला ठेवल्याशिवाय सगळा पैसा कर्जात ओतू नका. भरलेला पैसा अडचणीत परत मिळत नाही.

पायरी ७: सरकारी सवलतीचा हिशेब, थोडक्यात

"होम लोननं टॅक्स वाचतो" हे आता पूर्वीसारखं सरसकट खरं नाही. स्वतः राहायच्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीत आहे, नव्या प्रणालीत नाही. नव्या प्रणालीत २०२५-२६ पासून बारा लाखांपर्यंतच्या नेहमीच्या उत्पन्नावर करच बसत नाही. तेव्हा महिना साठ-सत्तर हजार मिळवणाऱ्यानं टॅक्ससाठी कर्ज मोठं करण्यात अर्थ नाही.

प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० ची व्याज सवलत मात्र तपासा. कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न नऊ लाखांपर्यंत, देशात कुठेही पक्कं घर नाही, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत आणि कर्ज २५ लाखांपर्यंत, असं असेल तर पहिल्या आठ लाखांवर ४ टक्के सवलत आहे. जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत. आपलं उदाहरण यात बसतं.

पायरी ८: घर चालवायचा खर्च हप्त्याशेजारी लिहा

भाड्याच्या घरात मालक भरायचा ते आता आपण भरायचं: महापालिकेचा मालमत्ता कर, सोसायटीचा मेंटेनन्स, लिफ्ट, दर काही वर्षांनी गच्चीचं वॉटरप्रूफिंग आणि रंग. सोलापुरात यात पाण्याची भर. नळाला रोज पाणी येत नाही, दिवसाआड म्हणावं असंही भाग्य नाही. म्हणून फ्लॅट बघताना जमिनीखालची टाकी किती लिटरची, बोअरला मे महिन्यात पाणी असतं का, उन्हाळ्यात टँकर किती येतात आणि त्याचे पैसे कसे वाटतात, हे खालच्या मजल्यावरच्या काकूंना विचारा. बिल्डरला विचारून उपयोग नाही. हद्दवाढीच्या भागात तर हे आधी विचारा, मग टाइल्स बघा. सगळं मिळून महिना तीन हजार धरले तरी वीस वर्षांत ७ लाख २० हजार, तेही भाव वाढलेच नाहीत असं धरून.

हप्ता, हे तीन हजार आणि विम्याचा प्रीमियम, यांची बेरीज हातात येणाऱ्या पगाराच्या ४० टक्क्यांच्या आत बसली पाहिजे, असा माझा हिशेब. बँक याहून जास्त बसवून देईल. एक खोली कमी असलेला फ्लॅट चालेल का, हे मग घरात बसून ठरवा.

पायरी ९: शेवटचा हप्ता भरल्यावरची कामं

कर्ज नील झालं की माणूस पेढे वाटतो आणि कागद विसरतो. १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम असा की पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत बँकेनं मूळ कागदपत्रं परत द्यायची, तिच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. खरेदीखत, इंडेक्स टू (नोंदणीचा गोषवारा), मूळ पावत्या हे कर्ज देताना घेतलेल्या यादीशी ताडून घ्या, म्हणजे ती यादी आधीपासून जपून ठेवलेली हवी. नो ड्यूज पत्र घ्या. मग ते पत्र घेऊन, जागा सात-बाऱ्यावर असेल तर तलाठ्याकडे, प्रॉपर्टी कार्ड असेल तर सिटी सर्व्हे ऑफिसात, उताऱ्यावरचा कर्जाचा बोजा कमी करण्याचा अर्ज द्या आणि नवा उतारा काढून बघा. दोन महिन्यांनी सिबिल रिपोर्ट काढा. तिथे कर्ज अजून चालू दिसत असेल तर शाखेला लेखी कळवा.